घरी काढलेल्या वर्षांचा हिशेब

न्युरेम्बर्गात राहणाऱ्या आपणा सर्वांना रेगेन्सबुर्गर श्ट्रासेवरची बुन्डेसआगेन्टुअरची भली मोठी इमारत ठाऊक आहे. साऱ्या जर्मनीच्या रोजगार खात्याचे हे मुख्य कार्यालय. १९५२ सालापासून या खात्याचे ठाणे आपल्या गावात आहे. मुलांसाठी दरमहा मिळणारे किंडरगेल्ड देशभर वाटणारी फामिलिएनकासे याच खात्याची. परदेशातून आलेल्यांचे कामकाज पाहणारे बाम्फ हे सरकारी कार्यालयही न्युरेम्बर्गातच. परदेशात घेतलेले व्यावसायिक शिक्षण तपासून त्याला मान्यता देणारी ईहाका फोसा ही संस्थाही इथलीच. थोडक्यात, या देशात बाईने मिळवावे किती, घरी राहावे किती आणि म्हातारपणी तिच्या हाती काय पडावे, यासंबंधीचे कितीतरी कागद आपल्या दाराशीच फिरत असतात.

आणि तरीही संक्रांतीच्या हळदीकुंकवाला किंवा गणपतीच्या तयारीला आपण जमलो की एक वाक्य हमखास कानी पडते : "अहो, त्या कागदांतले मला काही कळत नाही, ते सगळे हेच बघतात." म्हणणारी कधी इंजिनिअर असते, कधी पुण्यात बँकेत दहा वर्षे काढलेली असते. म्हणून मंडळाच्या महिला गटातील आम्ही काही जणींनी ठरवले, की या अंकात पाककृतींऐवजी या कागदांविषयीच लिहावे. कुणी नोकरी करावी आणि कुणी घर सांभाळावे, हे सांगण्याचा आम्हाला अधिकार नाही आणि तसा हेतूही नाही. आमचे म्हणणे एवढेच, की घरी काढलेली वर्षे या देशात अगदीच फुकट जात नाहीत. मात्र ती बाईच्या नावावर आपण होऊन कुणी चढवतही नाही. ती चढवून घ्यावी लागतात, आणि त्यासाठीच्या सह्या बहुधा तिशीतच होऊन गेलेल्या असतात.

एक हात ओढतो, दुसरा थोपवतो

जर्मनीचे धोरण समजून घेताना आधी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. इथल्या सरकारचा एक हात बाईला नोकरीकडे ओढतो आणि दुसरा तिला घरातच थोपवतो. दोन्ही हात वेगवेगळ्या काळात घडले आहेत.

थोपवणारा हात जुना. पती-पत्नीचे उत्पन्न एकत्र करून, त्याचे दोन सारखे भाग मानून कर लावण्याची पद्धत १९५८ साली आली. एकाची मिळकत जास्त आणि दुसऱ्याची कमी किंवा शून्य, अशा घराला तिचा फायदा सर्वाधिक. दोघे सारखे मिळवत असतील तर काहीच नाही. त्या काळच्या कायद्यात असेही लिहिलेले होते, की पत्नीला नोकरी करता येईल, पण संसाराच्या कर्तव्यांना बाधा न येईल इतपतच. हे वाक्य कायद्यातून गेले ते १ जुलै १९७७ रोजी. म्हणजे आज सत्तरीत असलेल्या आपल्या जर्मन शेजारीणबाईंनी संसार मांडला, तेव्हा पश्चिम जर्मनीत हाच कायदा होता. त्या आपल्याला "मूल तीन वर्षांचे होईपर्यंत घरीच राहा हो" असे सांगतात, त्यामागे हे आहे. पूर्व जर्मनीत मात्र तेव्हा पाळणाघरे सर्वत्र होती आणि आईने कामावर जाणे हीच रीत होती.

ओढणारा हात अलीकडचा. १९९६ मध्ये तीन वर्षांवरील प्रत्येक मुलाला बालवाडीत जागा मिळण्याचा हक्क आला. २००७ मध्ये एल्टर्नगेल्ड आले. १ ऑगस्ट २०१३ पासून एक वर्ष पूर्ण झालेल्या मुलालाही पाळणाघराच्या जागेचा हक्क मिळाला. आता १ ऑगस्ट २०२६ ही पहिलीच्या मुलांना दिवसभराच्या सांभाळाचा हक्क मिळण्याची तारीख कायद्याने ठरली आहे. पुढे दरवर्षी एकेक इयत्ता त्यात येणार आहे.

गंमत म्हणजे २०१३ च्या त्याच ऑगस्टमध्ये, लहान मुलाला सरकारी मदतीच्या पाळणाघरात न पाठवणाऱ्या आईबापांना दरमहा पैसे देणारे बेट्रॉयुंग्सगेल्डही सुरू झाले. विरोधकांनी त्याचे नाव 'चुलीचे बक्षीस' ठेवले होते. २१ जुलै २०१५ रोजी घटनात्मक न्यायालयाने ते रद्द केले, कारण असा कायदा करण्याचा अधिकार केंद्राचा नव्हता. आपल्या बायर्नने मात्र राज्याच्या तिजोरीतून ते पुढेही चालू ठेवले आणि नंतर त्याच्या जागी दुसरी योजना आणली. एकाच महिन्यात दोन्ही हात एकदम पुढे आले, असा हा प्रकार. मग सरकारला नक्की हवे तरी काय, असा प्रश्न आपल्याला पडला तर नवल नाही.

मागून येणाऱ्यांची गोष्ट

आपल्यापैकी बहुतेक जणी नवऱ्याच्या नोकरीमागून इथे आल्या. पण नेहमीच असे नव्हते. १९६० आणि ७० च्या दशकांत केरळातून मोठ्या संख्येने तरुण मुली परिचारिका म्हणून पश्चिम जर्मनीत आल्या. नोकरी त्यांची आणि मागून आलेले नवरे. त्या नवऱ्यांना कित्येक वर्षे कामाचा परवाना मिळत नसे. शिकलेसवरलेले पुरुष घरी मुले सांभाळत, पत्नीच्या पाळ्यांप्रमाणे स्वयंपाक करत. परवाना कुणाच्या नावावर आहे यावर घरातली कामे कशी ठरतात, हे त्यांच्याइतके कुणी पाहिले नसेल.

पुढे ऑगस्ट २००० मध्ये संगणक तज्ज्ञांसाठी ग्रीन कार्ड योजना आली. ती २००४ अखेर संपली. त्या वेळी मागून आलेल्या पत्नीला कामाच्या परवानगीसाठी थांबावे लागे. २०१२ मध्ये ब्लू कार्ड आल्यापासून त्या कार्डधारकाच्या पत्नीला किंवा पतीला पहिल्या दिवसापासून नोकरी करता येते. म्हणजे कायद्याची अडचण आता राहिलेली नाही. राहिली आहे ती भाषेची, पदवीच्या मान्यतेची आणि पाळणाघराची.

एक गोष्ट मात्र अजूनही परवान्याला चिकटलेली आहे. मागून आलेल्या जोडीदाराचा परवाना संसारावर अवलंबून असतो. जर्मनीत एकत्र संसाराची तीन वर्षे झाली, की मग विभक्त झाल्यावरही स्वतंत्रपणे राहण्याचा हक्क मिळतो. छळासारख्या कठीण प्रसंगी त्याआधीही मिळू शकतो. हे वाचून कुणी दचकू नये. पण प्रत्येकीला ते ठाऊक असावे, म्हणून लिहिले.

आजी, मालक की सरकार?

बाळंतपणाचा आणि बालसंगोपनाचा खर्च कुणी उचलायचा, हा मुळातला प्रश्न. निरनिराळ्या देशांनी त्याची निरनिराळी उत्तरे दिली आहेत, आणि आपले नातेवाईक त्या सगळ्याच देशांत पसरलेले आहेत.

अमेरिकेत १९९३ च्या कायद्याने १२ आठवड्यांची रजा दिली, पण बिनपगारी आणि मोठ्या आस्थापनांपुरतीच. पगारी रजेचा देशव्यापी कायदा तिथे आजही नाही. मग न्यू जर्सीतल्या आपल्या भाच्या-पुतण्या काय करतात? पुण्याहून किंवा नाशिकहून आईला बोलावतात. ती सहा महिने राहते आणि तिच्यानंतर सासूबाई येतात. सरकारची जागा आजी भरून काढते. आपल्याकडे आजीला १८० दिवसांत ९० दिवसच राहता येते. मेथीचे लाडू संपायच्या आत तिची परतीची तारीख येते.

भारतात खर्च मालकाच्या अंगावर आहे. २०१७ मध्ये प्रसूती रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवडे झाली, ही मोठी गोष्ट. पण पगार देणार मालक. त्यामुळे तरुण बाईला नोकरीवर घेतानाच तो हिशेब करू लागतो. हा धोका आपल्या मुंबईत फार पूर्वी ओळखला गेला होता. १९२८ साली मुंबई कायदेमंडळात गिरणी कामगार स्त्रियांच्या प्रसूती लाभाच्या विधेयकाला पाठिंबा देताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी म्हटले होते, की हा बोजा मुख्यतः सरकारने उचलायला हवा, कारण लोकांचे कल्याण ही आधी सरकारची जबाबदारी आहे. १९२९ मध्ये मुंबई प्रांताचा कायदा झाला, तो मात्र मालकाकडूनच पैसे घेणारा. जवळजवळ शंभर वर्षे झाली, तो वाद तिथेच आहे. शिवाय पुण्या-मुंबईतली मध्यमवर्गीय बाईची नोकरी घरच्या आजीवर आणि धुण्याभांड्याच्या बाईवर उभी असते. घरकाम करणाऱ्यांसाठी महाराष्ट्राने २००८ मध्ये कल्याण मंडळाचा कायदा केला खरा, पण त्या बाईच्या स्वतःच्या बाळंतपणात तिचा पगार कोण देतो, हे आपण आपल्यालाच विचारावे.

जर्मनीने मधला मार्ग काढला. बाळंतपणाआधी ६ आणि नंतर ८ आठवडे मुटरशुट्झ. त्या काळात विमा कंपनी दिवसाला १३ युरोपर्यंत देते आणि उरलेला पगार मालक. पण मालकाला ती रक्कम एका सामाईक निधीतून परत मिळते. २००६ पासून लहान-मोठे सगळेच मालक या निधीत भर घालतात, मग त्यांच्याकडे बायका असोत वा नसोत. त्यामुळे बाईला नोकरी दिली म्हणून कुणा एकालाच भुर्दंड पडत नाही.

स्वीडन यापुढे गेला. १९७१ मध्ये त्यांनी पती-पत्नीचा कर वेगळा केला आणि १९७४ मध्ये पगारी रजा आई आणि बाप दोघांनाही दिली. आता एका मुलामागे ४८० दिवस असतात. त्यातले ९० दिवस बापाचे आणि ९० आईचे, एकमेकांना देता न येणारे.

या सगळ्याचा परिणाम आकड्यांत दिसतो. २०१९ मध्ये अर्थशास्त्रज्ञांच्या एका गटाने सहा देशांचा अभ्यास प्रसिद्ध केला. पहिल्या मुलानंतर पाच ते दहा वर्षांनी आईची कमाई किती घटलेली असते, हे त्यांनी मोजले. डेन्मार्क आणि स्वीडनमध्ये सुमारे २१ ते २७ टक्के, अमेरिका आणि ब्रिटनमध्ये ३१ ते ४४ टक्के, ऑस्ट्रियात ५१ आणि जर्मनीत ६१ टक्के. बापाच्या कमाईत जवळजवळ काहीच फरक पडत नाही. भरपूर रजा आणि भरपूर भत्ते देणाऱ्या देशात घट सर्वांत मोठी, हे वाचून आम्हीही थबकलो. नुसती रजा लांब असून भागत नाही. परत येण्याची वाटही लागते, आणि बापानेही काही काळ घरी असावे लागते.

श्टॉयरक्लास : घरातल्या घरात होणारा तोटा

आता आपल्या कागदांकडे वळू. लग्न झालेल्या जोडप्यांपुढे करवर्गाची निवड असते. पुष्कळ घरांत नवऱ्याचा वर्ग ३ आणि बायकोचा ५ असतो. दोघांच्याही वाट्याची करमुक्त रक्कम मग नवऱ्याच्या पगाराला लागते. त्याच्या हाती पडणारा पगार फुगतो आणि तिचा आक्रसतो. "एवढ्याशा पगारासाठी कशाला धावपळ करतेस?" हे वाक्य त्या आक्रसलेल्या आकड्याकडे बघूनच निघते.

वर्षाअखेरीस विवरणपत्र भरले की दोघांचा मिळून कर तेवढाच येतो. मग फरक काय, असे कुणीही विचारील. आणि दरमहा हाती जास्त पैसे येतात, घराचा हप्ता भरता येतो, भारतात आईवडिलांना पाठवता येतात, ही सोय खरीच आहे. पण एल्टर्नगेल्ड, बेकारी भत्ता आणि बाळंतपणातला पगार हे सगळे हाती पडणाऱ्या पगारावरून मोजतात. वर्ग ५ मधल्या बाईला ते सगळेच कमी मिळते, आणि ती तूट कोणत्याही विवरणपत्राने भरून येत नाही.

यावर उपाय म्हणजे वर्ग ४ आणि ४. एल्टर्नगेल्डसाठी हा बदल मुटरशुट्झ सुरू होण्याच्या निदान सात महिने आधी व्हावा लागतो. हिशेब केलात तर कळेल, की गोड बातमी कळल्यावर पेढे आणण्याआधी अर्ज द्यायला हवा. त्याहून बरे म्हणजे मुलाचा विचार करू लागतानाच द्यावा. आणखी एक गोष्ट फार थोड्यांना माहीत आहे. २०१८ पासून ३ व ५ मधून ४ व ४ मध्ये जाण्यासाठी एकट्या जोडीदाराचा अर्जही चालतो.

एल्टर्नगेल्ड आधीच्या कमाईच्या साधारण ६५ ते ६७ टक्के मिळते, कमीत कमी ३०० आणि जास्तीत जास्त १,८०० युरो. नोकरी नसलेल्या आईलाही ३०० मिळतात. मात्र पुण्यातला पगार त्यात धरत नाहीत. जर्मनी, युरोपीय संघ किंवा स्वित्झर्लंडसारख्या ठरावीक शेजारी देशांत कर भरलेली कमाईच चालते. एकाला १२ महिने मिळतात. दोघांनी निदान दोन-दोन महिने घेतले तर मिळून १४. ते दोन महिने बापाने घेतले नाहीत, तर ते कुणालाच मिळत नाहीत. आपल्या भागाचे अर्ज बायर्न राज्याच्या कुटुंब व समाज खात्याच्या न्युरेम्बर्ग कार्यालयात जातात.

मिनीजॉब हा आणखी एक मोह. जानेवारी २०२६ पासून महिना ६०३ युरोपर्यंत कमाई, कर जवळजवळ नाही आणि नवऱ्याच्या आरोग्य विम्यात फुकट राहता येते. मुले लहान असताना सोयीचा आहे, यात शंका नाही. पण त्यातून बेकारी भत्त्याचा हक्क मिळत नाही. निवृत्तिवेतनाची वर्गणी नको, असा कागदही बरेचदा सोबत पुढे केला जातो. ६०३ युरोंवर ती वर्गणी महिना सुमारे २२ युरो होते. त्या २२ युरोंनी तो महिना निवृत्तिवेतनाच्या हिशेबात पूर्ण धरला जातो. सही करण्याआधी एवढे तरी आठवावे.

मुलांमागची तीन वर्षे

आता या लेखातला सर्वांत महत्त्वाचा भाग. १९९२ पासून जन्मलेल्या प्रत्येक मुलामागे, ते जर्मनीत वाढले असेल तर, सांभाळणाऱ्या पालकाच्या निवृत्तिवेतनाच्या खात्यात तीन वर्षे जमा होतात. जणू त्या तीन वर्षांत तिने देशातला सरासरी पगार मिळवला. दरवर्षाला एक गुण. जुलै २०२५ च्या दराने एक गुण म्हणजे महिना ४०.७९ युरो. एका मुलामागे तीन गुण, म्हणजे १२२.३७ युरो दरमहा, जन्मभर.

निवृत्तिवेतनाला पात्र होण्यासाठी पाच वर्षे लागतात. दोन मुले इथे वाढवलेल्या आईची सहा वर्षे होतात. म्हणजे इथे एक दिवसही नोकरी न केलेली आईसुद्धा स्वतःच्या नावाच्या निवृत्तिवेतनाला पात्र ठरू शकते. तिचे स्वतःचे, नवऱ्यामार्फत नव्हे. हे आम्ही सांगितले तेव्हा आमच्याच गटातल्या दोघी-तिघींचा विश्वास बसला नाही.

मात्र ही वर्षे आपोआप चढत नाहीत. डॉइचे रेन्टेनफरझिशरुंगकडे अर्ज करावा लागतो. मूल भारतात जन्मून दुसऱ्या वर्षी इथे आले असेल, तर इथे काढलेला काळच धरतात. चौथ्या वर्षी आले असेल तर काही नाही.

ज्यांनी भारतात भविष्य निर्वाह निधीत वर्षे काढली त्यांनी हेही लक्षात घ्यावे. भारत आणि जर्मनीतला सामाजिक सुरक्षा करार १ मे २०१७ पासून लागू आहे. त्यानुसार पात्रतेसाठी दोन्ही देशांतली वर्षे एकत्र धरतात, आणि भारतात परतल्यावरही निवृत्तिवेतन मिळू शकते. परतताना काही जण इथल्या वर्गणीचा परतावा मागतात. परतावा घेतला की तोवरचे सगळे हक्क संपतात, मुलांमागची वर्षेही. तेव्हा घाई करू नये.

घराघरांत काय करता येईल

आमच्या गटाच्या चर्चेत एक विचार सगळ्यांना पटला. कोण किती मिळवतो यापेक्षा कागद दोघांनी मिळून पाहावेत, हे अधिक महत्त्वाचे. त्यासाठी काही साध्या गोष्टी सुचवतो :

१. दोघांच्याही नावाची वेगळी फाइल असावी. तिचा निवृत्तिवेतन विमा क्रमांक, मुलांचे जन्मदाखले, भारतातल्या नोकरीची पत्रे आणि पदवीची कागदपत्रे तिच्या फाइलमध्ये.

२. करवर्ग कोणता आहे आणि का आहे, हे वर्षातून एकदा तपासावे.

३. बापाने आपले दोन महिने घ्यावेत. मूल आजारी पडले तर घरी राहण्यासाठी सरकारी आरोग्य विम्यातल्या प्रत्येक पालकाला २०२४ पासून वर्षाला १५ दिवस मिळतात. ते एकट्या आईचे नाहीत.

४. अर्धवेळ काम घ्यायचे असेल तर परतीची वाट ठेवून घ्यावे. २०१९ पासून ४५ पेक्षा जास्त माणसे असलेल्या ठिकाणी एक ते पाच वर्षांसाठी काम कमी करून पुन्हा पूर्ववत होण्याचा हक्क आहे. सहा महिने नोकरी झालेली असावी लागते.

५. पाळणाघराचा अर्ज लवकर करावा आणि नकार मिळाला तर तो लेखी घ्यावा. नगरपालिकेच्या दोषाने जागा मिळाली नाही आणि पगार बुडाला, तर भरपाई मागता येते, असा निर्णय सर्वोच्च दिवाणी न्यायालयाने ऑक्टोबर २०१६ मध्ये दिला आहे.

६. पदवीच्या मान्यतेचा अर्ज भाषेचा वर्ग संपण्याची वाट न पाहता सुरू करावा. त्यासाठीचा कायदा एप्रिल २०१२ पासून आहे.

ज्या भगिनींनी विचारपूर्वक घर निवडले त्यांच्याविषयी आम्हाला आदरच आहे. आपली मुले मराठी बोलतात, मंडळाचा गणपती दरवर्षी बसतो, नव्याने आलेल्या कुटुंबाला पहिल्या आठवड्यात कुणाकडून तरी जेवणाचा डबा जातो, यात त्यांचाच वाटा मोठा आहे. या कामाला पगार नाही, पण त्यातल्या निदान मुलांमागच्या वर्षांना हा देश किंमत देतो. ती मागायला संकोच कसला?

आकडे आणि नियम बदलत असतात, म्हणून अर्ज करण्याआधी त्या त्या कार्यालयात विचारून खात्री करून घ्यावी. निवृत्तिवेतन कार्यालयातला सल्ला विनामूल्य असतो. जर्मन बोलायला संकोच वाटत असेल तर आमच्या गटातली कुणीतरी सोबत येईल. मंडळाच्या पुढच्या स्नेहमेळाव्यात चहाच्या टेबलाशेजारी आम्ही मुलांमागच्या वर्षांच्या अर्जाचे कोरे नमुने घेऊन बसणार आहोत. येताना मुलांचे जन्मदाखले आणि आपला विमा क्रमांक आणावा. आणि यजमानांनाही सोबत आणावे, कारण काही रकाने दोघांनी बसूनच भरायचे आहेत.

– महिला गट